अनवट शब्दांचा निवाडा वापरावर सोडता येत नाही

इंग्रजीतल्या कमी वापराच्या शब्दांवरून होणारं भांडण आता इतकं ठरीव झालंय की पुढचं वाक्य कोण काय बोलणार हे आधीच सांगता यावं. ‘मूर्तिमंत नमुना’ या अर्थाचा एक ग्रीक वळणाचा शब्द कुणीतरी ‘एपिटोम’ असा वाचतो. दुसरा हसतो आणि ‘इˈपिटमी’ म्हणायचं असतं म्हणून सुनावतो. (ˈ ही खूण या लेखात जोर द्यायच्या अक्षराच्या आधी ठेवली आहे.) मग तिसरा येतो आणि हसणाऱ्यालाच झापतो: भाषा लोकांची असते, कोशकारांची नव्हे, लोक म्हणतील तो उच्चार आणि लोक समजतील तो अर्थ. पहिल्या बाजूला ‘हा शब्द तुम्ही जन्मभर चुकीचा उच्चारत आलात’ असं बजावणाऱ्या अर्ध्या मिनिटाच्या चित्रफितींचा रतीब आहे. दुसऱ्या बाजूला भाषाविज्ञानातलं एक खरं वाक्य आहे, पण भलत्या ठिकाणी वापरलेलं.

माझं म्हणणं असं, की ‘वापर ठरवतो’ हा नियम वापर असेल तिथेच चालतो. जो शब्द वर्षाकाठी दोन-चारदा छापील पानावर दिसतो आणि कानावर तर पडतच नाही, त्याच्या पाठीशी वापर नावाची गोष्टच नसते. असतात ते एकेकट्या वाचकांचे अंदाज. अशा अनवट शब्दांच्या बाबतीत कोशाला नेहमीपेक्षा जास्त वजन द्यावं लागतं. आणि ते द्यायचं तर कोश कसा वाचतात हे आधी शिकावं लागतं, जे हसणाऱ्यांपैकी फारच थोड्यांना येतं.

‘वापर ठरवतो’ या म्हणण्यात बळ किती आहे ते आधी मान्य करू. ‘परफेक्ट’ हा शब्द मध्ययुगीन इंग्रजीत ‘पार्फिट’ असा होता. फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात मधला ‘क’ नव्हताच. लॅटिनचं वेड लागलेल्या पंडितांनी मूळ शब्द आठवून स्पेलिंगमध्ये ‘सी’ घुसवला, आणि डोळ्यांना दिसतंय ते पुढच्या पिढ्या तोंडाने म्हणू लागल्या. ‘फॉल्ट’मधला ‘ल’ तसाच आला, ‘ॲडव्हेंचर’मधला ‘ड’ही. म्हणजे आजचा हा शुद्ध उच्चार एकेकाळी स्पेलिंगकडे बघून केलेला होता, ‘एपिटोम’च्या जातीचाच. उलट, कर्ज या अर्थाच्या ‘डेट’मध्ये तसल्याच पंडितांनी ‘बी’ घातला, ‘रिसीट’मध्ये ‘पी’, ‘आयलंड’मध्ये ‘एस’, ‘इन्डाइट’मध्ये ‘सी’. ती अक्षरं शतकानुशतकं कागदावर नुसती बसून आहेत. एक अक्षर बोललं गेलं आणि दुसरं नाही, याला तर्क नाही. लोकांनी ठरवलं, झालं.

आणि लोकांऐवजी थोरांना विचारलं असतं तर? अठराव्या शतकातला इंग्रज कोशकार सॅम्युएल जॉन्सनने विचारून पाहिलं होतं. उच्चारकोश काढण्याचा बेत कसा लटका आहे हे १७७२ साली सांगताना त्याने ‘ग्रेट’ या साध्या शब्दाचा दाखला दिला. लॉर्ड चेस्टरफील्डने त्याला सांगितलं होतं की हा शब्द ‘स्टेट’शी यमक जुळेल असा म्हणावा. सर विल्यम यंगने कळवलं की तो ‘सीट’शी जुळायला हवा, ‘ग्रेट’ म्हणेल तो आयरिशच. एक उमरावांच्या सभागृहातला सर्वोत्तम वक्ता, दुसरा सामान्यांच्या सभागृहातला. कोशकाराने कुणाचं ऐकायचं? संस्कृत वैयाकरण पतंजलीने हाच मुद्दा दोन हजार वर्षांपूर्वी मडक्यावरून सांगितला आहे. मडकं हवं असलेला माणूस कुंभाराकडे जाऊन ‘मडकं कर’ म्हणतो. पण शब्द हवा असलेला माणूस वैयाकरणाच्या दारात जाऊन ‘शब्द कर, मला वापरायचेत’ असं काही म्हणत नाही.

इथवर सगळं कबूल. पण कुंभाराच्या दृष्टान्तात एक गोष्ट गृहीत आहे: मडकं रोज लागतं. ‘परफेक्ट’ आणि ‘ग्रेट’ रोज लागत होते. चुकीचा उच्चार केला तर समोरच्याच्या कपाळावर आठी पडत होती, मूल आईचं ऐकून तो सुधारत होतं, हजारो तोंडांच्या घासाघाशीतून एक रूप उरत होतं. अंशावरून पूर्णाचा बोध करून देणाऱ्या अलंकाराचं इंग्रजी नाव ‘सिˈनेक्डकी’ असं आहे. त्याची घासाघाशी कुठे होणार? वाचणारा तो एकटाच वाचतो, मनातल्या मनात ‘सायनेकडोच’ म्हणतो आणि पान उलटतो. त्याला टोकणारं तिथे कुणी नसतं. भूप हजार जण गातात, म्हणून तो हजार चुका पचवून भूपच राहतो. अनवट राग चार जणांकडेच असतो, त्यातल्या एकाने चुकीचा शिकवला तर चौथा हिस्सा गेला.

हे कसं घडतं याचा सगळ्यात बोलका नमुना शब्द म्हणून सोपाच आहे. ‘दिशाभूल झालेला’ या अर्थाचं इंग्रजी रूप एम-आय-एस-एल-ई-डी असं लिहितात. त्याची फोड ‘मिस्’ आणि ‘लेड’ अशी. पण कित्येक वाचक ती ‘माय्झ्ल’ आणि ‘ड’ अशी करतात आणि ‘माय्झ्ल करणे’ म्हणजे फसवणे असं एक क्रियापदच त्यांच्या डोक्यात तयार होतं. गंमत म्हणजे ‘मिस्ˈलेड’ हा शब्द त्यांना बोलण्यातून माहीत असतो, त्याचा अर्थही माहीत असतो. फक्त पानावरचा तो आणि कानावरचा हा एकच, हे वर्षानुवर्षं लक्षात येत नाही. ‘वाकडंतिकडं, बिनसलेलं’ या अर्थाच्या ‘अˈराय’चंही तेच. पानावर तो ‘ऑरी’ होतो. असे वाचक संख्येने खूप असले म्हणून त्याला वापर म्हणायचं का? एकाने दुसऱ्याचं ऐकलेलंच नाही. एकाच खड्ड्यात शंभर जण वेगवेगळ्या रात्री पडले, म्हणून त्याला पायवाट म्हणत नाहीत.

यावर जाणकार विरोधक एक चांगला मुद्दा काढतो: तुमच्यासाठी जो अनवट, तो दुसऱ्या कुणासाठी रोजचा. पतंजलीनेही ‘अप्रयुक्त’ शब्दांवर अशीच चर्चा केली आहे. काही शब्द वापरात दिसतच नाहीत, असा आक्षेप घेणाऱ्याला तो सांगतो की शब्दांच्या वापराचा प्रदेश फार मोठा आहे, आधी तिथे शोधा. जाणे या अर्थी ‘शवति’ फक्त कंबोज नावाच्या लोकांत बोलतात, इकडे त्याच धातूतलं ‘शव’ तेवढं आहे. मुद्दा बिनतोड आहे. जहाजावरच्या मुकादमासारख्या अधिकाऱ्याचं पदनाव स्पेलिंगवरून ‘बोट्स्वेन’ दिसतं, पण खलाशी ‘बोसन’ म्हणतात. होडीच्या काठाला ‘गनवेल’ लिहून ‘गनल’ म्हणतात. शिधासामग्री या अर्थाचा शब्द ‘व्हिक्चुअल्स’ वाटतो, उच्चार ‘व्हिटल्झ’. हे उच्चार जिवंत आहेत, वापरातून आलेत, त्यात कोशाची मेहेरबानी नाही. पण यातून निघतं काय? वापर त्यांचा आहे, माझा नाही. समुद्र न पाहिलेल्या वाचकाला खलाशी काय म्हणतात हे कळायला कोशाखेरीज वाट कोणती? ‘लोक ठरवतात’ म्हणताना ‘लोक’ म्हणजे तो शब्द ज्यांच्या तोंडी आहे ते लोक. पुस्तकात तो पहिल्यांदा पाहणारा मी त्या ‘लोकां’त अजून आलेलो नाही.

अर्थाची कथा उच्चारापेक्षा वाईट आहे, कारण उच्चार चुकला तर निदान कुणीतरी हसतं. अर्थ चुकला तर कुणाला पत्ताही लागत नाही. अनवट शब्दाचा अर्थ आपण चेहऱ्यावरून ओळखायला जातो. ‘एनर्व्हेट’ ऐकून ‘एनर्जी’ आठवते आणि उत्साह देणे असा अर्थ लागतो. खरा अर्थ अंगातलं त्राण काढून घेणे, लॅटिनमध्ये शब्दशः स्नायू काढून टाकणे. ‘नॉइसम’मध्ये ‘नॉइज’ दिसतो, पण त्याचा संबंध ‘अनॉय’शी आहे, अर्थ घाणेरड्या वासाचा, अपायकारक. ‘मेरिट्रिशस’मध्ये ‘मेरिट’ दिसतं, आणि शब्द आलाय वेश्या या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून. अर्थ वरवर झगमगीत, आत पोकळ. संदर्भावरून अर्थ लागतो म्हणावं, तर तो दर वेळी लागत नाही. ‘एनर्व्हेटिंग’ उकाडा म्हटलं तर बरोबर अर्थ आपोआप सुचेल. पण ‘भाषणाने श्रोते एनर्व्हेट झाले’ या वाक्यात दोन्ही अर्थ सुखाने बसतात, आणि चुकीचा समजलेला वाचक आपली समजूत आणखी पक्की करून पुढे जातो.

अर्थ बदलतातच, हे खरं. ‘इˈग्रीजस’ म्हणजे पूर्वी कळपातून उठून दिसणारा, उत्तम. आता डोळ्यांत खुपेल इतका वाईट. ‘प्रेस्टिजस’ म्हणजे पूर्वी हातचलाखीचा, फसवा, आता प्रतिष्ठेचा. ‘फुलसम’ विपुल या अर्थाने निघाला, किळस येईल इतका अति या अर्थावर पोचला, आणि आता पुन्हा विपुलकडे सरकतोय. यावर रडत बसायचं कारण नाही. पण बदलाच्या मधल्या काळात काय होतं ते ‘इन्फ्लेमेबल’कडे पाहून कळावं. त्याचा अर्थ पेट घेणारा. सुरुवातीचा ‘इन’ नकाराचा नाही. तरी तो नकाराचा वाटून कुणी टाकीजवळ काडी ओढू नये म्हणून विसाव्या शतकात आगीच्या सुरक्षेचं काम करणाऱ्यांनी इशाऱ्याच्या पाट्यांवर ‘फ्लेमेबल’ आणला. त्यांनी लोकांना व्याकरण शिकवलं नाही आणि भाषा प्रवाही असते असं सांगून हातही झटकले नाहीत. ज्या शब्दाचा भरवसा नाही तो पाटीवरून काढून टाकला.

आता या वादाचा कणा ठरावे असे दोन शब्द, दोन्ही जॉन्सनच्या १७५५च्या कोशातले, दोन्ही त्याने चुकवलेले. ‘पॅस्टर्न’ म्हणजे घोड्याच्या पायाचा खुराच्या लगेच वरचा भाग. जॉन्सनने लिहिलं: घोड्याचा गुडघा. एका बाईंनी विचारलं की असं कसं लिहिलंत, तर त्याचं उत्तर प्रसिद्ध आहे: अज्ञान, बाईसाहेब, शुद्ध अज्ञान. या चुकीने पुढे काय झालं? काहीही नाही. घोडेवाले, नालबंद, मोतद्दार हा शब्द रोज वापरत होते; एवढ्या मोठ्या कोशाच्या चुकीने त्यांची भाषा तसूभर हलली नाही.

दुसरा शब्द ‘इंटरनेसीन’. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ प्राणांतिक, संहार होईपर्यंतचा. तिथला ‘इंटर’ क्रियेला जोर देण्यापुरता. सॅम्युएल बटलरने १७व्या शतकातल्या आपल्या उपहासकाव्यात ‘इंटरनेसीन’ युद्ध असा प्रयोग केला होता. जॉन्सनने तो घेतला, ‘इंटर’ म्हणजे ‘आपसात’ असं धरलं आणि अर्थ दिला परस्परांच्या नाशासाठी झटणारं. चूक ‘पॅस्टर्न’इतकीच मोठी. पण या शब्दाचे नालबंद कुठे होते? तो रोज वापरणारा, ‘साहेब, हे चुकलंय’ म्हणणारा एकही माणूस नव्हता. मग पुढच्या लेखकांनी तो कोशातल्या अर्थाने वापरला, त्यांचं वाचून आणखी काहींनी, आणि त्यातून ‘एकाच गटातल्या लोकांची आपसातली यादवी’ हा आजचा अर्थ पक्का झाला. आज लॅटिन अर्थाचा आग्रह धरणं वेडेपणाचं आहे. पण ‘वापर ठरवतो’ म्हणणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं की इथे वापराने कोश घडवला नाही, कोशाने वापर घडवला. एकच माणूस, एकच कोश, दोन चुका: वापर होता तिथे चूक विरली, नव्हता तिथे चूकच अर्थ झाली.

विरोधक इथे हसून विचारेल: मग चुकणाऱ्या कोशाला जास्त वजन द्या म्हणता? हो, कारण ते वजन त्याच्याकडे आहेच, तुम्ही द्या किंवा देऊ नका. म्हणून तर कोशाला धारेवर धरायचं. १९३४च्या वेब्स्टर कोशात ‘डॉर्ड’ नावाचा शब्द छापला गेला. अर्थ घनता, विषय भौतिकी आणि रसायन, शेजारी रीतसर उच्चारसुद्धा. असा शब्दच नव्हता. घनतेसाठी मोठा किंवा छोटा ‘डी’ वापरतात असं सांगणारी ‘डी ऑर डी’ ही चिठ्ठी कुणीतरी एक शब्द म्हणून वाचली होती. पाच वर्षांनी एका संपादकाला नोंदीत व्युत्पत्ती नाही हे खटकलं तेव्हा चूक उघडी पडली. म्हणून ज्या नोंदीला ना व्युत्पत्ती, ना कुठलं अवतरण, ती नोंद दुसऱ्या कोशात पडताळल्याशिवाय मानू नये.

कोशाला वजन द्यायचं म्हणजे न्यायाधीश करायचं, असं मात्र नाही, आणि ‘शुद्धवाद्यां’चा घोटाळा इथेच होतो. निवाडे देण्याचा प्रयोग होऊन गेलाय. बीबीसीने १९२६ साली निवेदकांसाठी उच्चार ठरवणारी समिती नेमली. राजकवी रॉबर्ट ब्रिजेस अध्यक्ष, त्याच्यानंतर बर्नार्ड शॉ. जाहीर केलेले उच्चार मागाहून बदलायची पाळी आली, आणि १९३९मध्ये समितीचं काम थांबलं. कोश साक्ष देतो, आणि साक्ष ऐकून घेण्याची रीत असते. एका शब्दापुढे दोन-तीन उच्चार दिलेले असतात, वाचणारा पहिला उचलतो आणि बाकीचे चूक समजतो. मेरियम-वेब्स्टर हा अमेरिकी कोश स्पष्ट सांगतो की पहिला म्हणजे श्रेष्ठ असं नाही. वर्चस्व या अर्थाचा ‘हेजेमनी’ त्यात दिलेल्या कुठल्याही रूपात म्हटला तरी बरोबर. ‘इंटरनेसीन’ ब्रिटिश कोशात ‘इंटरˈनीसाइन’ मिळेल, अमेरिकी कोशात ‘इंटरˈनेसीन’ आणि आणखी दोन-तीन रूपं. यापैकी एकावरून दुसऱ्याला हसणारा नुसतं आपण एकच कोश उघडला होता एवढंच सांगत असतो. जे रूप चालतं पण पुष्कळांना खटकतं, त्याच्या आधी मेरियम-वेब्स्टर भागाकाराची खूण ठेवतो. ‘ˈमिस्चिव्हस’ ऐवजी ‘मिस्ˈचीव्हिअस’ म्हणण्यावर ती आहे. इतकी बारीक साक्ष एका खुणेत मावते, आणि बहुतेकांना ती छपाईचा डाग वाटते.

आघाताच्या खुणेत तर सरळ सापळा आहे. आंतरराष्ट्रीय उच्चारलिपीत आणि ती पाळणाऱ्या कोशांत खूण आघातयुक्त अक्षराच्या आधी येते. अमेरिकन हेरिटेज कोशात ती त्या अक्षराच्या नंतर येते. एकाची सवय असलेला माणूस दुसरा कोश उघडतो आणि जोर नेमका शेजारच्या अक्षरावर देतो, तेही कोश बघून. अर्थांच्या क्रमाचंही तसंच. मेरियम-वेब्स्टर अर्थ कालक्रमाने लावतो, सगळ्यात जुना आधी. ऑक्सफर्डचे एकखंडी नवे कोश आजचा मुख्य अर्थ आधी देतात. ‘पहिला तो खरा’ मानणारा वाचक एका कोशातून आजचा अर्थ घेतो आणि दुसऱ्यातून कधी कधी मेलेला.

उच्चारात सगळ्यात आधी सांभाळायची गोष्ट आघात. दोन्ही बोलणारे परभाषक असतील तर शब्दाघाताने फारसं बिघडत नाही, असं मानणारे अभ्यासक आहेत. ओळखीच्या शब्दांपुरतं ते पटतंही. पण अनवट शब्द ऐकणाऱ्याला वाक्याची मदत कमी मिळते, तो आवाजाच्या आराखड्यावरून शब्द शोधतो, आणि आराखडा आघाताने बनतो. ‘पर्ˈफंक्टरी’मधल्या एखाद्या स्वराचं इकडेतिकडे झालं तरी शब्द सापडेल, ‘ˈपरफंकˈटोरी’ म्हटलं तर सापडणार नाही. स्वर चुकल्याने अनर्थ झाल्याची ‘इन्द्रशत्रु’ची गोष्ट आपल्या परंपरेत आहेच: इंद्राला मारणारा मुलगा हवा म्हणून यज्ञ केला, शब्दातला स्वर चुकला, आणि इंद्र ज्याला मारेल असा मुलगा झाला. अक्षर एकही बदललं नव्हतं. उच्चारशास्त्राच्या त्या वेदांगाचं नाव ‘शिक्षा’. मराठीत त्या शब्दाचं जे झालं, ते आजच्या उच्चार-पोलिसांना चपखल बसतं.

बरं, आघात दर वेळी पाठच करावा लागतो असंही नाही. ‘-इटी’, ‘-इक’, ‘-इअस’ या शेपटांचे शब्द बहुधा शेपटाच्या लगेच आधीच्या अक्षरावर जोर घेतात: ‘पर्स्पिˈकॅसिटी’, ‘सॉपˈरिफिक’, ‘लुˈग्यूब्रिअस’. ग्रीकमधून आलेल्या शब्दांतला शेवटचा ‘ई’ बोलला जातो आणि जोर शेवटून तिसऱ्या अक्षरावर जातो: ‘इˈपिटमी’, ‘हायˈपर्बली’, ‘सिˈनेक्डकी’, फुलाचं नाव ‘अˈनेमनी’. ‘कटॅस्ट्रफी’ सगळ्यांना येतो. हे त्याचेच भाऊ आहेत एवढं कळलं की चित्रफितींचा अर्धा माल संपतो. ‘सी-एच’चं कोडं व्युत्पत्तीने सुटतं: ग्रीक असेल तर ‘क’, म्हणून ‘कायˈमीरा’ आणि ‘ˈआर्किटाइप’, फ्रेंच असेल तर ‘श’, म्हणून ‘शिˈकेनरी’, जुना इंग्रजी असेल तर ‘च’. ‘आर्चेनमी’मध्ये ‘च’ राहतो, कारण तो अख्खा शब्द ग्रीकमधून आलेला नाही, इंग्रजीत जोडलेला आहे. आणि मुका ‘जी’ शेपूट लागलं की बोलू लागतो: ‘फ्लेम’ म्हणजे कफ, पण ‘फ्लेग्ˈमॅटिक’, ‘पॅरडाइम’, पण ‘पॅरडिग्ˈमॅटिक’. अपवाद आहेत, भरपूर आहेत. नियम अंदाज चांगला करण्यापुरते. शेवटी नोंद उघडायचीच.

देवनागरीत उच्चार लिहून ठेवण्याची सवय चांगली आहे, तिच्या मर्यादा माहीत असतील तर. इंग्रजीतल्या सगळ्यात जास्त येणाऱ्या स्वराला, कोशातल्या उलट्या ‘ई’ला, आपला ऱ्हस्व ‘अ’ जवळचा आहे; हा मोठा फायदा. ‘ॲ’ आणि ‘ऑ’ आपण कधीच करून ठेवलेत. पण आघाताला आपल्याकडे खूण नाही, त्यामुळे ‘हायपरबली’ असं लिहिलं की मराठी डोळा चारही अक्षरं सारख्या वजनाने वाचतो. ‘व्ही’ आणि ‘डब्ल्यू’ दोन्हींना एकच ‘व’ येतो. ‘जग’मधला ‘ज’ हा इंग्रजी ‘झेड’ नव्हे. आणि लिपी उच्चारासारखीच लिहिली जाते या गर्वाने इंग्रजीला नावं ठेवण्याआधी ‘चार’ आणि ‘चारा’ हे शब्द मोठ्याने म्हणून पाहावेत. दोन वेगळे ‘च’, चिन्ह एकच. परक्याला ते सांगायला मराठी कोशच लागेल.

व्याख्येबद्दल थोडं. अनवट शब्दाची व्याख्या त्याहून अनवट शब्दांत दिली की वाचक आणखी अडतो. जॉन्सनने ‘नेटवर्क’सारखा सोपा शब्द ‘रेटिक्युलेटेड’ आणि ‘डिकसेटेड’ या शब्दांनी समजावला तो याचा अमर नमुना. गंमत अशी की इंग्रजीचा पहिला एकभाषी कोश, रॉबर्ट कॉड्रीचा १६०४चा, मुळात कठीण शब्द सोप्यात सांगायलाच निघाला होता. त्यात अडीच हजारांच्या आसपास शब्द होते आणि रोजचे शब्द त्यात घेतलेच नव्हते, ते सगळ्यांना येत होते. १९७८च्या लाँगमन कोशाने सुमारे २,००० शब्दांतच सगळ्या व्याख्या बसवल्या, १९८७च्या कोबिल्ड कोशाने पूर्ण वाक्यात दिल्या. तेही कॉड्रीच्याच वाटेने गेले. मात्र व्याख्येने शब्द निम्माच कळतो. उरलेला निम्मा तो कुणाच्या शेजारी बसतो यावरून कळतो: ‘इन्ˈक्लेमंट’ जवळपास नेहमी हवामानाबरोबर, ‘इंटरनेसीन’ कलह आणि युद्धांबरोबर. ‘पर्ˈफंक्टरी’ला मराठी प्रतिशब्द म्हणून ‘यांत्रिक’ किंवा ‘निष्काळजी’ लिहिलं की शब्द हातून निसटतो. ते काम निष्काळजीपणे केलेलं नसतं, करायचं म्हणून उरकलेलं असतं. ‘पाट्या टाकल्या’ म्हटलं की शब्द लख्ख कळतो. असा एक नेमका मराठी प्रयोग सापडेपर्यंत शब्द आपला झाला असं धरू नये.

मग कुठला शब्द वापराच्या हवाली करायचा आणि कुठला कोशाच्या? माझी कसोटी साधी आहे: तो शब्द एकमेकांशी संबंध नसलेली माणसं बोलताना, समोर कागद नसताना वापरतात का? ‘एखाद्याची खासियत’ या अर्थाचा ‘फोर्टे’ वापरतात. फ्रेंच मुळाला धरून तो एका अक्षरात ‘फोर्ट’ म्हणावा असं सांगणारे आहेत, आणि इतिहासात ते बरोबरही आहेत; पण तसं म्हटल्यास ऐकणाऱ्याला किल्ला दिसतो. तिथे लोकांचं ऐकावं. ‘फोरहेड’ एकेकाळी ‘हॉरिड’शी यमक जुळवत होता, आज तसा म्हणण्याचा हट्ट नको. ‘शिथिल’ या अर्थाचा ‘फ्लॅक्सिड’ बहुतेकांच्या तोंडी ‘फ्लॅसिड’ झालाय, कोशांनी दोन्ही नोंदवलेत, दोन्ही चालतात. पण ‘सिनेक्डकी’, ‘मेरिट्रिशस’, ‘नॉइसम’ या कसोटीला उतरत नाहीत. तिथे स्वतःचा अंदाज लोकमत म्हणून खपवू नये.

चुकीचा उच्चार करणारा माणूस बहुधा तो शब्द वाचून शिकलेला असतो, ऐकून नव्हे, आणि त्याला हसणं म्हणजे त्याच्या वाचनालाच हसणं. हा युक्तिवाद मला पूर्ण मान्य आहे. पण त्यातून ‘म्हणून तोही उच्चार बरोबर’ हे निघत नाही. वाचून शिकलेल्या माणसाला पान दाखवून सांगता येतं. तो आधीच पानाचा माणूस आहे.

सगळ्यात अवघड जागा मधल्या शब्दांची. ‘नॉनप्लस्ड’ म्हणजे पुढे काय करावं हेच सुचेनासा झालेला. लॅटिनमधल्या ‘आणखी नाही’ यावरून. सुरुवातीच्या ‘नॉन’मुळे अमेरिकेत पुष्कळ लोक तो ‘जराही विचलित न झालेला’ अशा उलट्या अर्थाने वापरू लागले, आणि कोश आता दोन्ही अर्थ देतात, दुसऱ्याला अमेरिकी आणि अनौपचारिक असा शेरा मारून. इंग्रजीच्या वापरावर कोश लिहिणारे ब्रायन गार्नर यांनी अशा शब्दांना ‘स्कंक्ड’ म्हटलं आहे: कुठल्याही अर्थाने वापरला तरी काही वाचक नाक मुरडणारच. ‘बातमी ऐकून मंत्री नॉनप्लस्ड होते’ असं वाक्य वाचून मंत्री गोंधळले की ढिम्म राहिले हे आज सांगता येत नाही. लिहिणाऱ्याने तिथे ‘बिविल्डर्ड’ किंवा ‘अनफेझ्ड’ लिहावं, आणि वाचणाऱ्याने आधी लेखक अटलांटिकच्या कुठल्या काठचा आहे ते पाहावं.